नजर आणि निवेदन

मुख्य चित्रपट सुरू होण्यापूर्वी थिएटरात सरकारी माहितीपट दाखवण्याची सक्ती होती, ते दिवस आमच्या वडिलांच्या पिढीने पाहिले. पूर, धरणे, नवी बियाणे आणि या सर्वांवर एक भारदस्त आवाज. डोळ्यांनी काही ठरवण्याआधीच तो आवाज अर्थ सांगून मोकळा होई. ज्या फिल्म्स डिव्हिजनने हे निवेदन घरोघरी पोचवले, त्याच संस्थेने १९६७ साली पंढरपुरात जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांच्या हाती कॅमेरा दिला. 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' हा तो लघुपट. त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटांचे सुवर्ण अस्वल मिळाले.

बुंदी, चितोड, जैसलमेर. सुरुवातीला हुसेन थोडे बोलतात, नंतर शब्द थांबतात आणि विजय राघव राव यांचे संगीत उरते. छत्री, कंदील, जोडा, जनावरे, माणसे. कथा नाही, माहितीही नाही. जालन्यातल्या आमच्या उर्दू शाळेत सातवीच्या मुलांना आम्ही तो दाखवला तेव्हा पाचव्या मिनिटालाच प्रश्न आला, "सर, इनो कुछ बोलते कायकू नै?"

प्रश्न मुलांचा खरा, पण दोष आमचा. वर्गात एखादा शेर वाचला की आम्ही लगेच तशरीह लिहून देतो, कारण परीक्षेत गुण तिलाच असतात. शेर ऐकायचा असतो हे सांगायला तास पुरत नाही. उर्दूत निरीक्षणाला 'मुशाहिदा' म्हणतात. शहादत आणि शाहिद हे शब्द त्याच धातूचे. पाहणे आणि साक्ष देणे यांत भाषेने फारसे अंतर ठेवलेले नाही. आम्ही शिक्षकांनी मात्र ठेवले. पुढच्या आठवड्यात मुलांना घरातली एक वस्तू दहा मिनिटे पाहून फक्त दिसले तेवढेच लिहायला सांगितले. बहुतेकांनी उपयोग लिहिले. एका मुलीने दादीच्या पानदानाची बिजागरी सुतळीने बांधलेली असल्याचे लिहिले, आणि तिथेच थांबली. त्या वर्षीचा तो सर्वांत चांगला निबंध.

हुसेन यांच्या लघुपटाला मात्र एक उणीव आहे आणि ती आदरापोटी झाकू नये. वस्तूंना ते जेवढा जीव देतात तेवढा माणसांना देत नाहीत. छत्री आणि कंदील त्यांच्या कुंचल्यातले जुने सोबती. त्यांच्याकडे कॅमेरा जिव्हाळ्याने पाहतो. राजस्थानातल्या बाया मात्र आकार होऊन जातात, रंगांशिवायच्या चित्रातल्या. सिनेमाची पोस्टरे रंगवून मोठा झालेला हा चित्रकार चौकटीवर इतका लुब्ध आहे की चौकटीतल्या बाईला काही म्हणायचे असेल, हे त्याच्या लक्षात येत नाही. निवेदन गेले, पण तिचा आवाजही आला नाही.

तय्यब मेहता यांचा 'कूडल' १९७० चा, तोही फिल्म्स डिव्हिजनचाच. तय्यब आधी फिल्म संकलनाच्या कामात होते, जे. जे. त नंतर गेले. १९४७ च्या दंगलीत मोहम्मद अली रोडवर जमावाने एका माणसाला मारताना त्यांनी पाहिले, आणि बांधलेला बैल त्यांच्या चित्रांतून आयुष्यभर हटला नाही. 'कूडल'मध्ये ते कॅमेरा थेट बांद्र्याच्या कत्तलखान्यात नेतात. हुसेन यांच्या नजरेत कुतूहल आहे, तय्यब यांच्या नजरेत साक्ष. आमच्या मते १६ मिनिटांचा 'कूडल' हा दोहोंतला मोठा चित्रपट.

तरी तो आम्ही वर्गात दाखवलेला नाही. आमच्या वर्गात कुरैशी घरांतली मुले आहेत. २०१५ च्या कायद्याने बैलाची कत्तलही राज्यात बंद झाली आणि पिढीजात धंदा हा अंगणात दबक्या आवाजात बोलण्याचा विषय झाला. त्या मुलांसमोर पडद्यावर बांधलेला बैल आला तर बाकीची मुले कुणाकडे पाहतील? दाखवायचा तर आधी काही सांगावे लागेल, आणि आम्ही काय सांगणार ते दोनदा लिहून काढले. दोन्ही वेळा ते त्या जुन्या भारदस्त आवाजासारखेच वाटले. कागद फाडला. चित्रपट पेन ड्राइव्हमध्ये तसाच आहे.