अहवालातला नाईक, कादंबरीतला माणूस

लेफ्टनंट जेम्स औट्रम याने १८२५ साली खानदेश भिल्ल पथक उभारले आणि धरणगावास त्याचे ठाणे केले. या पथकाचा वृत्तांत सिमकॉक्स या आय. सी. एस. अधिकाऱ्याने १९१२ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. १८२५ ते १८९१ हा त्याचा काळ शीर्षकातच नोंदलेला आहे. भिल्लांचा इतिहास जणू पथकाच्या हजेरीपटापासून सुरू होतो! या ग्रंथाशेजारी नायजेरियाचे चिनुआ अचेबे यांच्या ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ (१९५८) आणि ‘ॲरो ऑफ गॉड’ (१९६४) या कादंबऱ्या ठेवून वाचल्यास जळगाव-धुळ्याचा भूतकाळ अधिक स्पष्ट दिसू लागतो, असे आमचे मत आहे.

पेशवाई बुडाल्यावर १८१८ साली इंग्रज खानदेशात आले, तेव्हा सातपुडा आणि सातमाळ्याच्या डोंगरांत भिल्ल नाईकांचा अंमल होता. घाटवाटांची राखण करणे आणि त्याबद्दल गावांकडून व वाटसरूंकडून हक्क घेणे, ही त्यांची सत्ता. राजपुतान्यातील काही घराण्यांत तर राज्याभिषेकाच्या वेळी भिल्लाच्या अंगठ्याच्या रक्ताचा टिळा लावीत. नव्या सरकारने या हक्कांची किंमत ठरवून तनखे बांधून दिले, तरण्या पोरांना पथकात घेतले आणि न जुमानणाऱ्यांना दरोडेखोर ठरविले. नाईक ही पदवी राहिली; तिचे मूळ मात्र जमातीतून उपटून कचेरीत लावले गेले.

पश्चिम आफ्रिकेतही हेच घडले. जेथे बलाढ्य राजे होते तेथे ते पदच्युत झाले. बेनिनच्या ओबाला १८९७ च्या स्वारीनंतर कलाबारला हद्दपार करण्यात आले. इग्बो लोकांच्या बहुतेक गावांत राजाच नव्हता. तेथे सरकारने सनद देऊन ‘वॉरंट चीफ’ निर्माण केले. देशी प्रमुखांकरवी राज्य चालविण्याचे तत्त्व नायजेरियात रुजविणारे लुगार्ड १८५८ साली मद्रासेत जन्मले होते, हे येथे ध्यानात घ्यावे. या सनदी प्रमुखांविरुद्धचा रोष १९२९ साली इग्बो स्त्रियांच्या मोठ्या उठावात उफाळून आला.

‘ॲरो ऑफ गॉड’मधील एझेउलू हा उलू देवाचा पुजारी. साहेब त्याला सनद देऊ करतो. तो नाकारतो आणि अटकेत पडतो. परतल्यावर तो नव्या पिकाचा सण जाहीर करीत नाही, कारण अटकेतल्या महिन्यांचे विधी राहून गेलेले असतात. कंद शेतातच कुजू लागतात, लोक उपाशी पडतात. अचेबे साहेबाला दोष देतात, पण पुजाऱ्याच्या अहंकारालाही सूट देत नाहीत. ‘थिंग्ज फॉल अपार्ट’मधील ओकोंक्वोही असाच. ज्या पोराने त्याला बाप म्हटले त्याच्यावर तो शस्त्र चालवितो, आणि तरीही त्याच्या आत्महत्येने वाचक हेलावतो. शेवटी जिल्हा अधिकारी आपल्या नियोजित ग्रंथात या माणसाला एक प्रकरण द्यावे की एखादा परिच्छेद पुरे, याचा विचार करीत निघून जातो. ज्याचे आयुष्य आपण नुकतेच पानोपानी वाचले, त्याचा हा हिशेब! वसाहतवादी इतिहासलेखनाची याहून कठोर समीक्षा आमच्या वाचनात नाही.

खाज्या नाईक हा सेंधव्याच्या घाटात रस्त्याची राखण करणारा सरकारी नोकर होता. १८५७ साली त्याने बंड केले. सरकारी कागदांत तो बंडखोर म्हणून येतो आणि बंदोबस्ताच्या ओघात संपतो. त्याच्या घरातली बोली, त्याचा राग, त्याच्या चुका यांची तेथे वार्ता नाही. हे कागद निरुपयोगी आहेत असे नव्हे. नावे, तारखा आणि हक्कांचे तपशील त्यांनीच जपले. पण नाईकाचा निर्दोष पुतळा उभा करणे हे त्यांना उत्तर नव्हे. पुतळा हाही एक परिच्छेदच, फक्त स्तुतीचा.

अचेबे यांचे वडील अँग्लिकन धर्मप्रचारक होते. म्हणून ख्रिस्तसभेचे चित्र त्यांनी घरातून रेखाटले आहे. गावाने बहिष्कृत केलेल्यांना आणि जुळी मुले टाकून द्यावी लागलेल्या मातांना ती जवळ करते. तिचाच एक कठोर मिशनरी मात्र गावात दुही माजवितो. ‘ॲरो ऑफ गॉड’मध्ये उपाशी लोक कंद घेऊन चर्चकडे वळतात. ती श्रद्धा होती की भूक? लेखक निवाडा देत नाही. धुळे, नंदुरबार आणि जळगाव जिल्ह्यांतील धर्मग्रामांत आदिवासी कुटुंबे आपल्यासोबत उपासनेला बसतात. मिशनचे अहवाल वाचताना हा प्रश्न आपण टाळू नये. तेथे माणूस भेटतो की बाप्तिस्म्यांचा आकडा, ही कसोटी श्रद्धेला बाधक नाही. प्रभूने तर हरवलेले एकेक मेंढरू मोजले.

आज भिल्ल समाज महाराष्ट्र, गुजरात, मध्य प्रदेश आणि राजस्थान यांत विभागला आहे. नंदुरबारची कुटुंबे ऊसतोडीला दक्षिण गुजरातेत जातात. समुद्रापार नेलेल्या आफ्रिकनांच्या वाट्याला आलेली गुलामगिरी वेगळी आणि भयंकर; तिच्याशी याची बरोबरी करू नये. पण आपण कोण, हा प्रश्न परमुलखात दोघांनाही दुसऱ्याच्या कागदांतून सोडवावा लागतो. काठीची राजवाडी होळी आजही पेटते. ‘नाईक’ हे आडनाव शाळेच्या पटावर आहे, मुकादमाच्या वहीतही आहे. त्यामागची सत्ता कशी गेली, हे त्या मुलाला कोण सांगणार?

वाहरू सोनवणे यांची ‘स्टेज’ ही कविता हाच सवाल करते: आमचे दुःख आम्हालाच ऐकविणारे तुम्ही कोण? मराठी समीक्षेने त्याला उत्तर द्यायचे तर सहानुभूती पुरेशी नाही. भिल्ली, पावरी, मावची बोलींतून लिहिणाऱ्यांची पुस्तके विकत घ्यावी लागतील, वाचावी लागतील आणि इतरांच्या पुस्तकांइतक्याच काटेकोरपणे तपासावी लागतील. ओकोंक्वोला परिच्छेदाबाहेर काढणारा लेखक त्याच्याच मातीतून आला होता. खानदेशच्या मातीतील लेखकांना आपण वाचक म्हणून लाभलो, तर नाईकही हजेरीपटातून बाहेर येईल.