त्रेपन्न की पन्नास तीन?

भिवंडीतल्या एका मराठी शाळेत आम्ही काही दिवस दुसरीच्या वर्गात मागच्या बाकावर बसत होतो. एके दिवशी बाईंनी अंकलेखन घातले. पहिली संख्या होती त्रेपन्न. एका मुलीने पाटीवर ३५ लिहिले. पुढच्या पाच संख्यांपैकी तिच्या तीन चुकल्या आणि तिन्ही अशाच उलटलेल्या. मधल्या सुट्टीत आम्ही तिच्यापुढे दहादहा काड्यांचे गठ्ठे आणि सुट्या काड्या ठेवल्या व त्रेपन्न काड्या मागितल्या. तिने न अडखळता पाच गठ्ठे आणि तीन काड्या पुढे सरकवल्या. 'आता हेच लिही,' असे म्हटल्यावर तिने एकदा बाईंच्या टेबलाकडे पाहिले आणि पुन्हा ३५ लिहिले.

या मुलीला त्रेपन्न येते की येत नाही? काड्यांच्या हिशेबाने येते, पाटीच्या हिशेबाने येत नाही. शाळेत मात्र गुण पाटीलाच मिळतात. असे वर्षभर चालले की मूल 'गणितात कच्चे' ठरते, आणि पुढे तेच स्वतःला तसे समजू लागते. म्हणून ही चूक नेमकी कुठे घडते हे पाहणे अगत्याचे आहे.

याच चुकीवर २०१९ च्या जून महिन्यात महाराष्ट्रात मोठे वादळ उठले होते. बालभारतीच्या दुसरीच्या नव्या गणित पुस्तकात संख्यांची नावे 'वीस एक', 'साठ तीन', 'नव्वद सात' अशीही दिली होती. वर्तमानपत्रांत टीका झाली, आणि मुख्यमंत्री फडणवीस यांच्या आडनावातील 'वीस'वर विधानसभेत कोटीही झाली. गणित समितीच्या अध्यक्ष होत्या मंगला नारळीकर. स्वतः गणितज्ञ असलेल्या बाईंचे म्हणणे साधे होते. मराठी संख्यानामांतील जोडाक्षरे आणि उलटा क्रम मुलांना जड जातो. जुनी नावे काढलेली नाहीत, सोपी नावे जोडीला दिली आहेत. २०२३ साली त्या गेल्या. वाद त्याआधीच शमला होता, पण त्याचा निकाल काही लागला नाही. तो आज शांतपणे तपासून पाहावा असे आम्हाला वाटते.

प्रथम टीकाकारांविषयी. 'आम्ही सारे त्रेपन्न, त्रेसष्ट म्हणतच शिकलो, आमचे काय बिघडले?' हा त्यांचा मुख्य मुद्दा. तो फसवा आहे, कारण हा प्रश्न विचारणारे सगळे या परीक्षेत तरलेले आहेत. जे पाटीवरच अडकले आणि ज्यांची शाळा लवकर सुटली, ते वर्तमानपत्राला पत्र लिहीत नाहीत.

दुसरे असे की, मराठी संख्यानामे किती गुंतागुंतीची आहेत हे आपल्या सवयीच्या कानांना जाणवत नाही. आपण लिहितो दशक आधी, बोलतो एकक आधी. ही विसंगती फार जुनी आहे. संस्कृत ग्रंथांतही शब्दांनी संख्या सांगताना एककापासून सुरुवात होई आणि अंक मांडताना मोठे स्थान डावीकडे येई. त्यात भर म्हणजे शब्दांची रूपे बदलतात. तीनचे रूप तेवीसमध्ये 'ते', त्रेपन्नमध्ये 'त्रे', त्र्याहत्तरमध्ये 'त्र्या'. दशकांचेही तेच. 'सत्तर' हा शब्द एकाहत्तरात ऐकू येत नाही, पण एकोणसत्तरात, म्हणजे ६९ मध्ये, स्वच्छ ऐकू येतो. 'साठ' एकसष्टात नाही, एकोणसाठात आहे. 'पन्नास' एक्कावन्नात नाही, एकोणपन्नासात आहे. 'नव्वद' एक्याण्णवात नाही, एकोणनव्वदात आहे. म्हणजे ज्या दशकाचे नाव कानावर पडते, नेमके तेच दशक लिहायचे नाही! 'एकोणतीस' ऐकून ३१ लिहिणारे मूल मूर्ख नसते. त्याने 'एक' आणि 'तीस' हे दोन्ही बरोबर ऐकलेले असतात.

आता पुरावा पाहू. जर्मन भाषेतही एकक आधी बोलतात. ऑस्ट्रियातल्या पहिलीच्या मुलांवरील २००९ च्या अभ्यासात, ऐकून अंक लिहिताना झालेल्या चुकांपैकी निम्म्याच्या आसपास चुका या अदलाबदलीशी निगडित होत्या. आपल्याला अधिक जवळचे उदाहरण चेक भाषेचे. तिच्यात दोन्ही पद्धती चालतात, 'वीस एक' आणि 'एक आणि वीस'. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात सातेक वर्षांच्या मुलांना दोन्ही प्रकारे संख्या सांगितल्या. अदलाबदलीच्या चुका उलट क्रमाच्या नावांत ठळकपणे अधिक आढळल्या. मुले तीच, संख्या त्याच. बदलले ते फक्त नाव. नारळीकरांच्या समितीचे निदान बरोबर होते, असे म्हणायला एवढा आधार पुरेसा आहे.

पण निदान बरोबर म्हणजे औषध पुरेसे, असे होत नाही. आमची टीका इथून सुरू होते.

वेल्समध्ये काही मुले वेल्श भाषेतून शिकतात. तिथल्या शाळांतली वेल्श संख्यानामे अगदी सरळ आहेत, 'दोन दहा एक' अशा धर्तीची. २००८ च्या एका अभ्यासात या मुलांना दोन अंकी संख्या वाचण्यात व त्यांतली लहानमोठी ओळखण्यात थोडा फायदा दिसला. एकूण अंकगणितात मात्र ती पुढे नव्हती. म्हणजे नाव सरळ केल्याने वाटेतला एक दगड दूर होतो, पण चालायचे बाकीच राहते. नॉर्वेने १९५१ साली, दूरध्वनी खात्याच्या आग्रहावरून, कायदेमंडळात ठराव करून संख्या बोलण्याचा क्रम बदलला. शाळा आणि नभोवाणीने तो उचलला, तरी जुना क्रम लोकांच्या तोंडी कित्येक दशके टिकून राहिला. आपल्याकडेही वाणी, कंडक्टर आणि आजी 'त्रेपन्न'च म्हणणार. 'पन्नास तीन' हा त्रेपन्नपर्यंत नेणारा पूल म्हणून उत्तम आहे. पण मुलाला कधी पुलावर चढवायचे आणि कधी उतरवायचे, हे वर्गात शिक्षकानेच ठरवायचे असते. ती गोष्ट छापील पानावर सुटत नाही. आणि ज्या पालकांना बदल वर्तमानपत्रातून कळला, ते त्याची थट्टा करणारच.

वादात सर्वांत कमी बोलले गेले ते मुलाच्या मनाविषयी. 'त्रेपन्न' ऐकल्यावर मुलाने तीन मनात धरून ठेवायचे, 'पन्न' म्हणजे पन्नास हे ओळखायचे, पाच आधी लिहायचे आणि मग धरून ठेवलेले तीन उतरवायचे. हे सारे ज्या तात्पुरत्या स्मृतीत चालते तिची जागा फार तोकडी असते. आता त्याच वेळी मनात 'चुकले तर हसतील', 'बाई पाटी वर धरून दाखवतील' असे विचार फिरू लागले तर? २००१ साली अमेरिकेतील अ‍ॅशक्राफ्ट आणि कर्क यांनी दाखवले की गणिताची धास्ती असलेल्या विद्यार्थ्यांची ही स्मृती आकड्यांचे काम करताना कमी पडते. म्हणजे अवघड नाव आणि भीती, दोघेही एकाच तुटपुंज्या खात्यातून उचल करतात. आमच्या समोरच्या मुलीने बाईंच्या टेबलाकडे पाहिले, त्या क्षणी बहुधा तिचे खाते रिकामे झाले.

भीती मुलातच उगवते असेही नाही. अमेरिकेतच १७ शिक्षिकांच्या पहिली-दुसरीच्या वर्गांवरील २०१० च्या अभ्यासात, ज्या शिक्षिकांना स्वतःला गणिताची धास्ती होती त्यांच्या वर्गातील मुली वर्षअखेर मागे पडलेल्या दिसल्या, मुलगे नाहीत. 'गणित मुलांचे, वाचन मुलींचे' हा समज ज्या मुलींनी उचलला, त्यांच्यात हे दिसले. अभ्यास लहान आहे, त्यावरून सरसकट निष्कर्ष काढू नयेत. पण 'मलाही गणित कधी जमले नाही हो' असे वर्गात हसत म्हणण्यापूर्वी आपण थांबावे, एवढे त्यातून नक्की घेता येईल. उलट बाजूही सांगायला हवी. 'भीती वाटते म्हणून येत नाही' हे अर्धेच खरे. 'येत नाही म्हणून भीती वाटते' हेही तितकेच खरे. म्हणून नुसते 'घाबरू नकोस' म्हणून भागत नाही. मुलाला यायला लागले पाहिजे.

इथे भिवंडीने आम्हाला एक गोष्ट शिकवली. हे यंत्रमागांचे गाव. मागांच्या मागोमाग इथे अनेक भाषा आल्या. त्याच वर्गात पद्मानगरातला, घरी तेलुगू बोलणारा एक मुलगा होता. 'त्रेपन्न' ऐकल्यावर तो ओठांतल्या ओठांत 'याभै मूडु' पुटपुटला, म्हणजे पन्नास तीन, आणि त्याने ५३ लिहिले. ज्या 'पन्नास तीन'ची राज्यभर टिंगल झाली, ते या गावातल्या कित्येक घरांत रोजचे बोलणे आहे. शेजारच्या उर्दू शाळेतले मूल 'तिरपन' म्हणते. त्याचे एकक आधी, लिपी उजवीकडून डावीकडे, आणि आकडे मात्र डावीकडून उजवीकडे. एका मुलावरून सिद्धान्त होत नाही, हे आम्हीही जाणतो. त्याच मुलाचे 'एकोणतीस' चुकले होते. पण वर्गातल्या मुलांच्या घरची संख्यानामे कोणती, हे आम्ही आजवर कधी विचारले नव्हते, हे कबूल केले पाहिजे.

मग शिक्षकाने करावे काय? पहिले, चूक मोजण्याआधी तिची जात ओळखावी. मुलाने ३५ लिहिले तर त्याच्याकडून त्रेपन्न काड्या, किंवा खेळातल्या दहाच्या नोटा आणि सुटे रुपये मागावेत. तेही चुकले तर दशकाची कल्पनाच पुन्हा मांडायला हवी. ते बरोबर आले तर मुलाला संख्या कळली आहे, नाव अडते आहे. मग ५० लिहिलेल्या कार्डाच्या शून्यावर ३ चे कार्ड ठेवून 'पन्नास तीन, म्हणजे त्रेपन्न' असे दोन्ही नावांनी वाचून घ्यावे. ते सहज येऊ लागले की पहिले नाव आपोआप गळू द्यावे. दुसरे, या वयात अंकलेखनाला घड्याळ लावू नये. काही मुले उजवीकडे एकक आधी लिहून डावीकडे जागा सोडतात. ती त्यांची स्वतःची युक्ती आहे, तिला मोडता घालू नये. तिसरे, 'तुझ्या घरी याला काय म्हणतात?' असे अवश्य विचारावे.

पुढच्या आठवड्यात बाईंनी त्या मुलीला फळ्याऐवजी काड्यांपाशी बसवले आणि दोन्ही नावे म्हणवून घेतली. चार-पाच दिवसांत तिची त्रेपन्न आणि चौसष्ट सुधारली. एकोणसत्तर अजून चुकते. ते चुकणारच, त्यात सत्तर ऐकू येते. पण आता चुकल्यावर ती टेबलाकडे पाहत नाही, गठ्ठे मोजते.