शत्रूच्या तंबूंतील अश्रू

‘इलियड’ हें युद्धाचें महाकाव्य खरें. परंतु त्याचा शेवट ट्रॉयच्या पाडावानें होत नाहीं, तो हेक्टरच्या अंत्यसंस्कारानें होतो. होमरनें असा शेवट कां केला, हें समजण्यासाठीं २४ वा सर्ग सावकाश वाचला पाहिजे.

पॅट्रोक्लसच्या वधाचा सूड म्हणून अकिलीस हेक्टरला ठार करतो व त्याचें शव रथामागें बांधून फरफटवितो. आपल्या रामायणांत रावण पडल्यावर, मरणाबरोबर वैर सरलें, आतां याचे संस्कार कर, असें राम बिभीषणास सांगतो. तेथें धर्मबुद्धि वैराला मर्यादा घालते. अकिलीसपाशीं ती मर्यादा नाहीं. अशा शत्रूच्या तंबूंत हेक्टरचा वृद्ध पिता प्रायम रात्रीं शिरतो, आपल्या पुत्रांचा घात करणारे हात चुंबितो आणि त्याला त्याच्या स्वतःच्या पित्याची आठवण देतो. दोघेही रडतात, मात्र ज्याचा त्याचा शोक निराळा. होमर या करुणेला भाबडी होऊं देत नाहीं. शव प्रायमच्या दृष्टीआड धुवावें, अशी अकिलीसची आज्ञा असते. कारण तें पाहून म्हातारा खवळला तर आपल्या हातून त्याचाही वध होईल, हें भय त्याला वाटतें. स्वतःच्या क्रोधाची ही धास्ती आम्हांस त्याच्या अश्रूंहून मोलाची वाटते.

व्यवहारी वाचक म्हणेल, या करुणेचें फळ काय? अंत्यविधीसाठीं ११ दिवस शस्त्रें थांबलीं. बाराव्या दिवशीं पुन्हां युद्ध ठरलेलेंच. आक्षेप खोटा नाहीं. पण त्याचें उत्तर होमरनंतर कित्येक शतकांनीं व्हर्जिलच्या ‘ईनिड’मध्यें मिळतें. त्याच्या दुसऱ्या सर्गांत अकिलीसचा पुत्र पिर्‍हस प्रायमच्या डोळ्यांदेखत त्याच्या मुलाला मारतो. त्या वेळीं प्रायम त्याला सुनावतो कीं, तुझा बाप असा नव्हता. त्यानें शरणागताचा मान राखिला, माझ्या हेक्टरचें शव परत दिलें. पिर्‍हसवर परिणाम होत नाहीं. तो वृद्धाला वेदीपाशींच ठार करतो.

ही कथा सांगणारा ईनीअस ट्रॉयचा, आणि ती लिहिणारा व्हर्जिल स्वतःस ट्रॉयचे वंशज मानणाऱ्या रोमनांचा कवि. म्हणजे अकिलीसच्या दयेची साक्ष जितांच्या बाजूनें निघाली! त्या एका रात्रीनें ट्रॉय वाचलें नाहीं; तथापि पिर्‍हसचें कृत्य अधम ठरवावयास पराजितांना शत्रूच्याच घरचें प्रमाण मिळालें. होमरनें आपलें काव्य विजयापाशीं न थांबवितां या प्रेतयात्रेपाशीं कां थांबविलें, याचें उत्तर आम्हांस येथें सांपडतें.