गोंगाटाची नमुना सही

समीक्षक व्हायला काय लागतं? माझ्या समजुतीप्रमाणे एक झब्बा, एक शबनम पिशवी आणि दुसऱ्याने केलेली एखादी वस्तू. यातल्या पहिल्या दोन गोष्टी माझ्याकडे नाहीत. मी बी.कॉम. आहे आणि बँकेत कारकून आहे. कारकुनाने नफ्यातोट्याचं बोलावं, रसाचं बोलू नये, असा एक समज आहे. तरीही आज मी परीक्षण लिहायला बसलो आहे. ते नाटकाचं नाही, कादंबरीचंही नाही. ते आहे 60 मिनिटांच्या एका कॅसेटचं आणि ती धुऊन काढणाऱ्या एका फुकट सॉफ्टवेअरचं.

कॅसेट 1988 सालची. माझा काका तेव्हा मस्कतला होता. पत्रात सगळं मावत नाही आणि फोन परवडत नाही, म्हणून बाबा त्याला कॅसेट भरून पाठवायचे. लाल बटण आणि शेजारचं बटण एकदम दाबायचं, घसा खाकरायचा आणि घराण्याचा वार्षिक अहवाल वाचायचा. काका परत आला तेव्हा सोनं, अत्तर आणि घोंगड्यांबरोबर ही एक कॅसेटही परत आली. पुढे बाबा गेले. आईच्या पंचाहत्तरीला तिला बाबांचा आवाज ऐकवावा, असं मी ठरवलं.

ऐकवणार काय? कॅसेट लावली तर आधी खरखर, मग घूंऽऽ, मग बाबा. माझा भाचा इंजिनिअरिंगला आहे. तो म्हणाला, "मामा, टेन्शन घेऊ नकोस. ऑडॅसिटी आहे. फुकट आहे."

फुकट म्हटल्यावर बँकेतला माणूस आधी संशय घेतो. चौकशी केली. 1999 साली अमेरिकेत पिट्सबर्गच्या कार्नेगी मेलन विद्यापीठात डॉमिनिक मॅझोनी आणि रॉजर डॅननबर्ग या दोघांनी हे काम सुरू केलं आणि 2000 साली ते लोकांना खुलं केलं. तेव्हापासून आजतागायत फुकट. जामीनदार नाही, स्टॅम्पपेपर नाही. अशी संस्था मी आमच्या व्यवसायात पाहिलेली नाही.

आता याची रीत ऐका. टेपरेकॉर्डर वायरने कॉम्प्युटरला जोडून कॅसेट वाजवायची. पडद्यावर आवाजाची लाट उमटते. त्या लाटेत जिथे कोणीही बोलत नाही, फक्त गोंगाट आहे, असा छोटासा तुकडा निवडायचा आणि सॉफ्टवेअरला सांगायचं, "हा गोंगाट. चेहरा नीट पाहून ठेव." मग सगळी कॅसेट निवडायची आणि हुकूम सोडायचा, "असा दिसेल तिथे कमी कर."

हे ऐकताच मला एकदम कळलं. अहो, ही तर नमुना सही! खातेदाराची सही आम्ही खातं उघडताना घेऊन ठेवतो आणि पुढे प्रत्येक चेक तिच्याशी ताडून बघतो. सॉफ्टवेअर तेच करतं. म्हणूनच पंख्याची घरघर, विजेची घूं आणि टेपची खरखर त्याला बरोबर सापडते. त्यांची सही कधी बदलत नाही. कुत्रं, एस.टी.चा हॉर्न आणि कुकरची शिट्टी ही मंडळी मात्र दर वेळी नवी सही करतात. ती सुटतात.

प्रश्न एवढाच होता की आमच्या घरात 1988 साली कोणीही बोलत नाही असा क्षण आणायचा कुठून? भाच्याने अर्धा तास शोधला. शेवटी सापडला. बाबा एका ठिकाणी म्हणतात, "ऐकलंस का? धाकट्याला काय सांगायचंय?" आणि थांबतात. आई स्वयंपाकघरात होती. ती काही बोलत नाही. चार सेकंद शांतता. भाच्याने तीच उचलली.

किती कमी करायचं, याची पट्टी असते, डेसिबलची. 6 डेसिबल म्हणजे गोंगाट साधारण निम्मा, 12 म्हणजे पाव. पट्टी 48 पर्यंत जाते. आता माणसाचा स्वभाव बघा. फुकटच्या जेवणात कोणी पावच पुरी मागतं का? भाच्याने पट्टी थेट 48 वर नेली.

निकाल ऐकला आणि आम्ही दोघंही थक्क झालो. खरखर गेली, घूं गेली, सगळं स्वच्छ. फक्त बाबा एखाद्या विहिरीत बसून बोलत होते आणि त्यांच्या शब्दांच्या कडेने बारीक टिणटिण चालली होती. भाचा म्हणाला, "थोडं होतं तसं." मीही म्हटलं, होतं. फुकटात काय काय मागायचं?

आईला ऐकवलं. तिने पदर सावरला, डोळे मिटले. दोन मिनिटांनी डोळे उघडून विचारलं, "हे कुठे बसून बोलतायत रे?"

"अगं, आपल्या जुन्या घरात."

"छे. या घरात तर कोणीच राहत नाही."

इतक्यात कुकरची शिट्टी झाली. खरंच, त्या निर्मनुष्य घरात कुकर आपला आपण शिजत होता. आई म्हणाली, "आणि हे मला असं काय बोलतायत? ऐकलं का, ऐकलं का? मला ते असं कधीच म्हणाले नाहीत."

मी मूळ कॅसेट लावली. बाबा म्हणाले, "ऐकलंस का?"

वाचकहो, बी.कॉम.ला व्याकरण नसतं, पण एवढं मलाही कळलं. 'ऐकलं का' हे चाळीतल्या कोणालाही विचारता येतं. 'ऐकलंस का' हे एकाच माणसाला विचारतात. बाबांनी उभ्या जन्मात आईला नावाने हाक मारली नाही. त्यांची सगळी हाक त्या एका 'स'मध्ये होती, आणि सॉफ्टवेअरने नेमका तोच खाल्ला. त्याची बाजूही मांडतो. 'स' आणि 'श' हे मुळात फुस्सच असतात, खरखरीचे सख्खे भाऊ. 48 वर पट्टी ठेवली की सही जुळते आणि चेक परत जातो.

या सॉफ्टवेअरमध्ये एक सोय आहे, 'रेसिड्यू' नावाची. जे काढून टाकलं जाणार तेवढंच ऐकवते. आमच्या भाषेत सस्पेन्स खातं. कुठे बसवायचं ते न कळलेले पैसे तिथे पडतात. परीक्षक म्हणून माझं मत असं की या सॉफ्टवेअरमधली सर्वांत थोर गोष्ट हीच, आणि ती कोणी ऐकत नाही. आम्ही ऐकली. खरखर होती, बाबांच्या 'स'ची भुतं होती आणि या सगळ्यांखाली एक सलग फर्रर्र होतं.

"हा माझा स्टोव्ह!" आई ओरडलीच.

गॅसचा नंबर लागायचा होता, तेव्हा घरात पंपाचा स्टोव्ह होता. म्हणजे ज्या चार सेकंदांना आम्ही 'कोणीच नाही' असं म्हणून नमुना सही घेतली, त्या सेकंदांत आई होती. सबंध कॅसेटभर ती एक अक्षर बोलत नाही. बाबा तिला 11 वेळा 'ऐकलंस का' म्हणतात (मी मोजलं, मोजणं हा आमचा धंदाच आहे), आणि 11 वेळा उत्तर म्हणून स्टोव्ह येतो. अकराव्या वेळी तर पंप मारल्याचे तीन ठोके आहेत आणि फर्रर्र वाढतं.

"मुद्दाम मारला होता," आई म्हणाली. "मशिनीपुढे बोलायची लाज वाटायची. यांना वाटावं, कामात आहे."

मग आम्ही पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. या वेळी नमुना घेतला तो कॅसेटच्या शेवटचा, बाबांनी बटण बंद केल्यानंतरचा. तिथे फक्त कोऱ्या टेपची खरखर आहे, घर नाही. पट्टी ठेवली 6 वर. विजेची घूं 50 हर्ट्झवर असते, तेवढी वेगळी छाटली. खरखर अजून आहे, पण दबकून आहे. 'स' शाबूत आहे. स्टोव्ह जोरात आहे.

तेव्हा परीक्षणाचा निकाल असा: सॉफ्टवेअर उत्तम, प्रामाणिक आणि फुकट आहे. त्याला गोंगाट म्हणजे काय हे मुळीच कळत नाही. आपण ज्यावर बोट ठेवू तो गोंगाट. तेव्हा बोट ठेवण्याआधी घरातल्या वडील माणसांना विचारावं. आमच्या काउंटरवरही हा नियम लागू केला, तर बरेच चेक परत जायचे वाचतील.

परवा भाचा म्हणाला, "आजी, आता तुझाही आवाज भरून ठेवू या." मोबाईल समोर ठेवला. आईने पदर सावरला, वर बघितलं आणि विचारलं, "पंखा बंद करू का?"

आम्ही दोघंही एकदमच म्हणालो, "राहू दे."