मौन, उच्चार आणि भाषांतर : ओम पुरी यांच्या अभिनयाविषयी

साहित्यकृतीच्या माध्यमांतराची चर्चा सामान्यतः मूळ लेखक, पटकथाकार आणि दिग्दर्शक यांच्यापाशी थांबते. संहितेला प्रत्यक्ष उच्चार देणारा नट भाषांतरकार म्हणून क्वचितच विचारात घेतला जातो. ओम पुरी (१९५०–२०१७) यांची चार दशकांची कारकीर्द ही उणीव जाणवून देते. अंबाला येथे जन्मलेल्या या पंजाबीभाषक नटाचे चित्रपटातील पदार्पण विजय तेंडुलकरांच्या मराठी नाटकावर आधारित ‘घाशीराम कोतवाल’मध्ये (१९७६) झाले. परभाषेतील संहिता आपल्या देहात मुरवणे, हे त्यांच्या कलेचे आरंभापासूनचे लक्षण म्हणावे लागेल.

गोविंद निहलानी दिग्दर्शित ‘आक्रोश’ची (१९८०) पटकथा तेंडुलकरांचीच. पत्नीच्या खुनाचा आरोप असलेला आदिवासी लहान्या भिकू आपल्या वकिलाशीही बोलत नाही. हे मौन शब्दांच्या अभावातून आलेले नाही; आपला शब्द न्यायव्यवस्थेच्या भाषेत रूपांतरित होऊच शकत नाही, या अनुभवातून ते आले आहे. पित्याच्या चितेपाशी बहिणीला ठार करून तो जो टाहो फोडतो, त्यालाही व्याकरण नाही. प्रेमचंदांच्या कथेवरील सत्यजित राय यांच्या ‘सद्गती’तील (१९८१) दुखीचे थकलेले, दबलेले बोलणे याच मौनाचे दुसरे रूप होय.

‘अर्धसत्य’मध्ये (१९८३) ही प्रक्रिया अधिक गुंतागुंतीची होते. श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’ ही मराठी कथा, तेंडुलकरांची पटकथा, वसंत देव यांचे हिंदी संवाद आणि दिलीप चित्रे यांची कविता, असे चार हात या संहितेमागे आहेत. त्यांना एकत्र बांधतो तो पुरींचा आवाज. फौजदार अनंत वेलणकर ती कविता सहजपणे वाचू लागतो आणि वाचता वाचता तिचा अर्थ त्याच्यावरच उलटतो. कवितेचे आकलन येथे कोणत्याही भाष्याविना, केवळ बदलत्या स्वरातून घडते.

याच्या नेमक्या विरुद्ध टोकाला ‘भारत एक खोज’ (१९८८) ही श्याम बेनेगल यांची ५३ भागांची मालिका उभी आहे. जवाहरलाल नेहरूंनी अहमदनगरच्या किल्ल्यात बंदिवासात असताना इंग्रजीत लिहिलेला ग्रंथ दूरदर्शनवरून हिंदीत घरोघरी पोहोचला, तो बव्हंशी पुरींच्या निवेदनातून. सम्राट अशोक, अलाउद्दीन खिलजी आणि औरंगजेब या भूमिकाही त्यांच्याच. इतिहासाचे पात्र आणि इतिहासाचा निवेदक एकाच कंठातून बोलतात, तेव्हा एक प्रश्न अटळ ठरतो. ज्या नटाने लहान्याच्या मौनातून राज्यसंस्थेला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले, त्याच नटाचा धीरगंभीर स्वर राष्ट्राच्या अधिकृत आत्मकथनाचा आवाज कसा झाला?

याला केवळ व्यावसायिक अष्टपैलुत्व म्हणणे अपुरे आहे. त्या आवाजाची विश्वसनीयता त्याच्या खरखरीत पोतात होती. प्रमाण हिंदी बोलतानाही तो अभिजनांचा वाटत नसे. त्यामुळे निवेदनाला लोकमान्यता लाभली. परंतु ज्यांचा इतिहास त्या कथनात अपुराच राहिला, त्यांच्या बाजूने शंका घेण्याची जागाही त्याच विश्वासार्हतेने काही अंशी व्यापली. पुरींच्या कलेचे हे सामर्थ्य आणि ही मर्यादा एकत्रच पाहावी लागते.

कारकिर्दीच्या अखेरीस ‘द जंगल बुक’च्या (२०१६) हिंदी आवृत्तीत त्यांनी बघीराला आवाज दिला. मूळ इंग्रजीत तो आवाज बेन किंग्स्ली यांचा होता. ‘गांधी’मध्ये (१९८२) किंग्स्ली महात्माजी होते, तर पुरी एका छोट्या भूमिकेत दंगलखोर नहारी. किपलिंगने शिवनीच्या अरण्यात कल्पिलेला प्राणी इंग्रजीतून फिरून हिंदीत आला. येथे नटाचा देह पूर्णतः वगळला गेला आणि उरला तो केवळ उच्चार. तुलनाकाराने पाठभेदांइतकेच स्वरभेदही अभ्यासावेत, ही अपेक्षा या कारकिर्दीतून निर्माण होते. लहान्याचे न बोलणे छापील पटकथेत केवळ कोरी जागा असते. तिचा अर्थ नटाने लावलेला असतो.