अंतूशेटचा हातमाग

वेळ काढणं ही कला आहे म्हटलं, की आमच्या मुंबई-पुण्याच्या माणसाला हसू येतं. त्याला वेळ पुरत नाही. निदान तसं तो दिवसातून चारदा सांगतो, आणि सांगण्यात बराच वेळ घालवतो. रत्नागिरीत मात्र ही विद्या जुनी. इंग्रज सरकारलाही तिचा सुगावा लागला असावा. ब्रह्मदेशच्या थिबा राजाचं राज्य 1885 साली घेतलं आणि पुढच्याच वर्षी त्याला आणून ठेवलं ते रत्नागिरीत. राजवाडा बांधून झाला 1910 साली, आणि 1916 साली राजा वारला. सरकारी काम! मधली 24 वर्षं बिचारा समुद्राकडे बघत बसला असेल. सावरकरांनाही 1924 पासून 1937 पर्यंत इथंच अडकवलं होतं. पण त्यांनी वेळ काढण्याऐवजी गावच ढवळून काढलं, तेव्हा ते आमच्या हिशेबात धरता येत नाहीत.

या विद्येतला खरा उस्ताद कागदावर जन्मला. पु. ल. देशपांड्यांचा अंतू बर्वा. ज्या पुस्तकात तो राहतो त्या ‘व्यक्ती आणि वल्ली’ला 1965 साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. अंतूशेटला लोक तिरकस म्हणतात, खवट म्हणतात. मला विचाराल तर तो कोष्टी आहे, वेळ विणणारा कोष्टी.

आता याच्याजवळ सूत ते किती? घर पडायला आलेलं. बायको केव्हाच गेलेली. कधी काळी दुकान काढलं होतं, ते बुडालं, पण ‘शेट’ तेवढं तरंगत राहिलं. एवढ्यावर माणसानं दिवस कसा विणायचा? तर जुन्या आठवणींचे उभे धागे ताणून ठेवायचे आणि मुंबईहून येईल त्या बातमीचा धोटा त्यातून इकडून तिकडे फेकायचा. वीज आली? फेका धोटा. दारिद्र्यच पाहायचं तर काळोख काय वाईट, असा त्याचा सवाल. लेखक विलायतेला निघाला? मग कोहिनूर एकदा बघून या म्हणायचं. नक्षी बघून आपण हसतो. पण कापडाची खरी परीक्षा उलट्या बाजूनं करतात, कारण गाठी तिकडे असतात. बायको गेल्यापासून दारचा हापूस मोहरला नाही, असं तो मधेच सांगून जातो. त्या कापडातली सगळ्यात मोठी गाठ तीच. तिच्या आधीचा काळ वेगळा, नंतरचा वेगळा. त्याच्या घरी पंचांग असलंच तर ते ह्या आंब्याचं.

खरं कापड विणायला रत्नागिरी जिल्ह्यातली माणसं परळ-लालबागच्या गिरण्यांत गेली. अंतूशेटच्या आळीतली पोरं बहुधा कारकुनीला गेली असतील, पण गेली हे खरं. मागं उरली म्हातारी माणसं आणि मनिऑर्डरची वाट. 18 जानेवारी 1982 ला संप झाला आणि पुढं ते मागही थंडावले. अंतूशेटचा मात्र चालूच आहे. याला वीज लागत नाही ना!

माझी तक्रार एवढीच, की पु. ल. रत्नागिरीचे जावई. सुनीताबाईंचं माहेर तिथलं, लग्नही तिथंच झालं, 1946 साली. जावयाला गाव भेटतं ते चार दिवसांच्या मुक्कामात, खाऊनपिऊन. म्हणून अंतूशेट आपल्याला तुकड्यातुकड्यांनी दिसतो, आणि दर खेपेला थोडा जास्त वाकलेला दिसतो. हे लेखकानं फार सुरेख साधलंय, त्याबद्दल वाद नाही. पण ऐन आषाढात, कौलं गळत असताना आणि आळीत चिटपाखरू नसताना हा माणूस कुणाशी बोलत असेल? बोलायला कुणी नसलं की धोटा कुणाकडे फेकायचा? तो अंतूशेट मला पाहिजे होता. पण जावयाला आषाढात कोण बोलावतो?

आणि आपण वाचक तरी काय करतो? कॅसेटी आल्यापासून अंतूशेट आपल्याला तोंडपाठ झाला. आमच्या घरी एकदा मे महिन्यात पाहुणे जमले असताना ती लावली होती. वाक्य यायच्या आधीच हशा तयार! एका गृहस्थांनी तर पु. लं.च्या आधी वाक्य संपवायची शर्यतच लावली. आंब्याची गोष्ट आली तेव्हा मी जरा सावरून बसलो. म्हटलं, आता तरी क्षणभर शांत होतील. झालेही. मग ते गृहस्थ पुढं वाकून हळूच म्हणाले, “काय हो, यंदा तुम्हाला पेटी कितीला पडली?”