क्षमायाचनेचे कथन आणि 'परतलेला नागरिक'

क्षमायाचनेचा अर्ज हा वाङ्मयप्रकार मानता येईल काय, हा प्रश्न नॅटली झीमन डेव्हिस यांच्या 'फिक्शन इन द अर्काइव्हज' (१९८७) या ग्रंथाने तुलनाकारांपुढे ठेवला. सोळाव्या शतकातील फ्रान्समध्ये मनुष्यवधाच्या शिक्षेतून सुटण्यासाठी राजाकडे क्षमापत्र मागावे लागे. आरोपी हकीकत सांगे, राजलेखनिक ती शब्दबद्ध करी. अचानक उसळलेला संताप, स्वसंरक्षण, पूर्वनियोजनाचा अभाव ही तिची परिचित सूत्रे होत. या घडणीला डेव्हिस खोटेपणा ठरवत नाहीत. कथन रचण्याच्या कौशल्याचा पुरावा म्हणून त्या ती वाचतात.

हीच दृष्टी डेसमंड मीड यांच्या 'लेट माय पीपल व्होट' (२०२०) या आत्मकथनाकडे वळवली, की त्यातील एक अंतर्विरोध स्पष्ट होतो. फ्लोरिडा राज्यात 'फेलनी', म्हणजे गंभीर गुन्हा, सिद्ध झालेल्या व्यक्तीचे मतदानाचे, ज्यूरीवर बसण्याचे आणि सार्वजनिक पद भूषविण्याचे हक्क शिक्षा भोगून झाल्यावरही परत येत नसत. २०११ च्या नियमांनुसार पाच किंवा सात वर्षे थांबून अर्ज करावा लागे, आणि अनेकांना टॅलाहासी येथे राज्यपाल व मंत्रिमंडळातील सहकाऱ्यांसमोर उभे राहून आपण बदललो आहोत हे पटवून द्यावे लागे. निर्णयाला निश्चित निकष नव्हते. राजा गेला, पण श्रोता तोच राहिला.

मीड यांचा लढा नेमका या श्रोत्याविरुद्ध आहे. नोव्हेंबर २०१८ मध्ये ६४ टक्क्यांहून अधिक मतांनी संमत झालेल्या चौथ्या घटनादुरुस्तीने (खून व लैंगिक गुन्हे वगळता) शिक्षा पूर्ण केलेल्यांना मताधिकार आपोआप दिला. म्हणजे हक्कासाठी कहाणी सांगण्याची अट काढून टाकली. असे असता पुस्तक मात्र कहाणीवरच उभे आहे. २००५ मध्ये मायामीत रेल्वेरुळांजवळ आत्महत्येच्या विचाराने थांबलेला, बेघर झालेला माणूस, न आलेली गाडी, मग कायद्याची पदवी: हे धर्मपरिवर्तनाच्या कथनाचे जुने वळण आहे. लेखक ज्या पात्रतेच्या कसोटीला नाकारतो, त्याच कसोटीला त्याचे निवेदन नकळत उतरते. जो बदलला नाही, ज्याच्या आयुष्यात असा क्षण आला नाही, त्याचे काय? पुस्तक येथे पुरेसे थांबत नाही. २०१६ मध्ये पत्नी विधिमंडळाच्या निवडणुकीस उभी असताना तिला मत देता न येण्याचा प्रसंग त्या मानाने अधिक प्रभावी ठरतो. तेथे पश्चात्ताप सिद्ध करण्याची धडपड नाही, केवळ वंचना आहे.

मराठी आत्मकथनांत हा साचा सहसा का आढळत नाही, याचे एक कारण कायद्यात आहे. लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५१ अन्वये तुरुंगात असलेल्यास मत देता येत नाही. सुटल्यावर मात्र त्यासाठी क्षमा मागावी लागत नाही. दुसरे कारण अधिक खोल आहे. लक्ष्मण गायकवाड यांच्या 'उचल्या' (१९८७) मागे १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याची छाया आहे. जन्मावरून गुन्हेगार ठरविलेल्यापाशी क्षमा मागण्याजोगी कृतीच नसते. मीड स्वतःला 'परतलेला नागरिक' म्हणवतात. परतण्यासाठी आधी आत असावे लागते. १९५२ नंतरचा 'विमुक्त' हा शब्द अशा परतीचे आश्वासन देत नाही. दोन्ही संहिता 'हक्कवंचितांचे साहित्य' या एकाच खात्यात जमा करणे म्हणूनच घाईचे ठरेल.

फ्लोरिडाची संहिता पुस्तकाबाहेर पुढे चालू राहिली. २०१९ च्या कायद्याने दंड, न्यायालयीन शुल्क व नुकसानभरपाई चुकती करण्याची अट घातली आणि २०२० मध्ये संघीय अपील न्यायालयाने ती वैध ठरविली. कहाणीच्या जागी पावती आली. स्वतः मीड यांना मताधिकार २०१९ मध्ये मिळाला. उरलेले नागरी हक्क मात्र ऑक्टोबर २०२१ मध्ये, क्षमामंडळाच्याच बदललेल्या नियमांनुसार, परत मिळाले.